भूतकाळ पाहायचा दूरचित्रवाणी संच

2 मे 1972 रोजी ‘ला दोमेनिका देल कोरिएरे’ या इटालियन साप्ताहिकाने छापलं की, भूतकाळाची छायाचित्रं घेणारं यंत्र तयार झालं आहे. पुरावा म्हणून सोबत क्रुसावरच्या येशूच्या चेहऱ्याचं छायाचित्र होतं. मुंबईत दूरदर्शन सुरू व्हायला तेव्हा अजून पाच महिने होते, आणि व्हेनिसचे एक धर्मगुरू सांगत होते की, आम्ही पडद्यावर येशूचा शेवट पाहिला.

या यंत्राला पुढे क्रोनोव्हायझर हे नाव चिकटलं. धर्मगुरूंचं नाव फादर पेल्लेग्रिनो एर्नेत्ती. त्यांच्या म्हणण्याप्रमाणे यंत्राचे तीन भाग होते. पहिला भाग अज्ञात मिश्रधातूंच्या अँटेनांचा; त्या प्रकाशाच्या आणि ध्वनीच्या सगळ्या लहरी पकडत. दुसरा दिशादर्शक: हवा तो काळ, जागा आणि माणूस ठरवायचा, म्हणजे काळाच्या नकाशावर बोटच ठेवायचं. तिसरा भाग दिसेल ते नोंदवून घेई. भौतिकशास्त्रज्ञ एन्रिको फर्मी आणि अग्निबाणतज्ज्ञ वेर्नर फॉन ब्राउन यांनी हे बांधायला मदत केली, असंही ते सांगत. त्यातले फर्मी 1954 मध्येच वारले होते, त्यामुळे त्यांना तरी विचारणार कसं?

मला यंत्रापेक्षा माणूस जास्त खिळवून ठेवतो. एर्नेत्ती बेनेडिक्टाइन साधू, मुक्काम व्हेनिसमधल्या सान जॉर्जो माज्जोरे बेटावरच्या मठात. भुतंखेतं उतरवण्याचं काम चर्चने त्यांच्याकडे दिलेलं. पण त्यांचा खरा पेशा संगीताचा. अनेक स्वर एकत्र गाण्याची रीत युरोपात रुजण्याआधीचं एकसुरी गायन हा त्यांचा अभ्यासविषय. त्या विषयाचं दुखणं असं की, जितकं मागे जावं तितकी स्वरलिपी मुकी होत जाते. शब्द उरतात, चाल जाते. अशा माणसाला भूतकाळ ऐकवणारं यंत्र हवंसं वाटणं अगदी साहजिक आहे.

म्हणूनच यंत्राची जन्मकथाही कानाचीच आहे. 1952 मध्ये मिलानच्या कॅथलिक विद्यापीठात एर्नेत्ती आणि त्या विद्यापीठाचे संस्थापक फादर अगोस्तीनो जेमेल्ली ग्रेगोरियन गायनाच्या ध्वनिमुद्रणावर काम करत होते. तेव्हा ध्वनिमुद्रणाच्या तारेवर जेमेल्लींच्या दिवंगत वडिलांचा आवाज उमटला, असं एर्नेत्ती सांगत. गेलेला आवाज परत येतो, तर चित्र का येणार नाही, हा पुढचा तर्क.

येशूखालोखाल एर्नेत्तींचा आवडता दावा होता रोमन कवी एनियसच्या ‘थायेस्टीस’ या नाटकाचा. ते इसवी सनपूर्व 169 मध्ये रंगभूमीवर आलं. आज त्याचे फुटकळ तुकडेच उरलेत. एर्नेत्तींनी म्हणे त्याचा प्रयोग यंत्रावर पाहिला आणि उतरवून घेतला. तो मजकूर पुढे छापून आला, तेव्हा त्यातले काही शब्द एनियसनंतर बऱ्याच काळाने लॅटिनमध्ये सापडतात, असं तपासणाऱ्यांना आढळलं.

छायाचित्राचा निकाल त्याहून झटपट लागला. उम्ब्रियातल्या कोल्लेवालेन्झा इथल्या प्रार्थनास्थळात लोरेन्झो कुलो वालेरा या स्पॅनिश शिल्पकाराने घडवलेला लाकडी येशू आहे. त्याचं पोस्टकार्ड विकत मिळे. यंत्राने टिपलेला चेहरा म्हणजे तेच चित्र, डाव्याचं उजवं केलेलं.

भौतिकशास्त्र इथे फार वेळ घेत नाही. ध्वनीची ऊर्जा हवेत पसरत क्षणात उष्णतेत विरून जाते. प्रकाश टिकतो, पण तो निघून गेलेला असतो; येशूच्या काळी पृथ्वीवरून सुटलेला किरण आज जवळपास दोन हजार प्रकाशवर्षं दूर आहे आणि त्याला गाठायचं तर त्याच्याहून वेगाने पळायला हवं. भूतकाळ पाहायचं खरं यंत्र म्हणजे दुर्बीण. देवयानी दीर्घिकेकडे पाहिलं की पंचवीस लाख वर्षांपूर्वीचा प्रकाश डोळ्यात शिरतो. फक्त तो भूतकाळ आपला नसतो. आपल्याकडे संजयाला दिव्यदृष्टी मिळाली, तीही चालू लढाई सांगायला.

मग यंत्र गेलं कुठे? धोकादायक म्हणून सुटं करून ठेवलं, हे एर्नेत्तींचं उत्तर. कोणाचंच काही लपून राहणार नाही, राज्यकर्त्याचं नाही की शेजाऱ्याचं नाही. ही भीती मात्र पोकळ नाही. आयझॅक असिमोव्ह यांच्या 1956 च्या ‘द डेड पास्ट’ या कथेत कार्थेजचा एक अभ्यासक असंच यंत्र मागत राहतो आणि सरकार ते दडपतं. कारण ‘भूतकाळ’ एका क्षणापूर्वीच सुरू होतो, म्हणजे ते यंत्र शेजारच्या बंद खोलीतही डोकावू शकतं. एर्नेत्तींच्या साऱ्या कथेत मला पटणारा भाग एवढाच.

एर्नेत्ती 1994 मध्ये वारले. त्यांचे फ्रेंच स्नेही फादर फ्रांस्वा ब्रून यांचा विश्वास ढळला नाही. 2002 मध्ये त्यांनी या प्रकरणावर अख्खं पुस्तक लिहिलं. व्हॅटिकनच्या तळघरात यंत्र आजही आहे, असं मानणारे भेटतात. त्यांना मी एकच विचारीन: प्राचीन संगीताचा एवढा जाणकार रोमन नाट्यगृहात ‘जाऊन’ आला, तर छापून फक्त शब्दच कसे आले?