सॉफ्टनर चालतोय, मीटर हलत नाही

बोअरच्या पाण्यासाठी सॉफ्टनर बसवला की दुसऱ्याच दिवशी घरातलं कुणीतरी टीडीएस मीटर पाण्यात बुडवतं. काल 800, आजही 800! झालं, विकणाऱ्याने फसवलं. खरं तर हे यंत्र क्षार काढतच नाही, त्यांची अदलाबदल करतं. रेझिनचे बारीक मणी कॅल्शियम-मॅग्नेशियम धरून ठेवतात आणि बदल्यात सोडियम सोडतात. एकूण क्षार जवळपास तेवढेच. तपासायचा तो हार्डनेस. किटमधले थेंब टाकताच पाणी निळं झालं तर ते मऊ, लालसर झालं तर जड.

विक्रेता फक्त बाथरूम किती एवढंच विचारत असेल, तर त्याला चहा पाजून वाटेला लावावं. चार माणसांना रोज साधारण 540 लिटर पाणी लागतं. हार्डनेस लिटरला 500 मिलिग्रॅम असेल, तर रोजचे 270 ग्रॅम झाले. 25 लिटर रेझिन अंदाजे 1,250 ग्रॅम पेलतं, म्हणजे चार दिवसांनी मिठाच्या पाण्याने धुणं आलंच.

आपल्याकडे घोडं अडतं ते दाबापाशी. गच्चीवरची टाकी नळापेक्षा 10 मीटर उंच असेल तेव्हा कुठे 1 बार दाब मिळतो. ऑटोमॅटिक व्हॉल्व्हला सहसा दीड-दोन बार हवा, कारण मिठाचं पाणी ओढणारा इंजेक्टर दाबावरच चालतो. वरच्या मजल्यावर प्रेशर पंपाशिवाय हे जमत नाही. मीठ महिनाभर तेवढंच दिसतंय म्हणून खूश होऊ नका. रेझिन धुतलंच जात नाहीये. दाब ठीक असेल तर इंजेक्टरमधला गाळ काढा. मग मिठात काठी घालून बघा, वर कडक पापुद्रा धरून खाली पोकळी झालेली असते. सकाळीच जड पाणी येत असेल, तर लाईट जाऊन टायमरचं घड्याळ चुकलेलं असू शकतं: धुणं पहाटेऐवजी अंघोळीच्या वेळी सुरू होतं आणि तेवढा वेळ कच्चं पाणी थेट नळाला येतं. बायपास अर्धवट उघडा ठेवून जाणारे प्लंबरही कमी नाहीत.

स्वयंपाकघराचा आणि बागेचा नळ मात्र सॉफ्टनरच्या आधीच वेगळा काढा. 500 हार्डनेस घालवताना लिटरमागे सुमारे 230 मिलिग्रॅम सोडियम वाढतं. रक्तदाबाच्या माणसाला ते नको, कुंडीतल्या तुळशीलाही नको. धुण्याचं खारट पाणी सरळ ड्रेनेजमध्ये सोडा, पण पाइपाचं तोंड चेंबरच्या पाण्यात बुडू देऊ नका.