नर्तक, मग नट, मग निवेदक

डेव्हिड गुल्पिलिलची पन्नास वर्षांची कारकीर्द नाचापासून सुरू होते. हा उत्तर ऑस्ट्रेलियातल्या आर्नेम लँडचा योलंगू आदिवासी मुलगा. त्याचा नाच पाहूनच निकोलस रोगने त्याला 'वॉकअबाउट'मध्ये (१९७१) घेतलं. रानात भरकटलेल्या दोन गोऱ्या भावंडांना तो त्यात जगवतो. बोलतो आपल्याच भाषेत, आणि पडद्यावर तिचं भाषांतर येत नाही. शेवटी तो मुलीसाठी प्रणयाराधनेचा नाच नाचत राहतो आणि ती घाबरते. श्रेयनामावलीत नावही चुकलं : 'गम्पिलिल'!

पुढे 'स्टॉर्म बॉय' आला, 'द लास्ट वेव्ह' आला. 'क्रोकोडाइल डंडी'मधली (१९८६) त्याची भूमिका छोटीच. गोरी पत्रकार त्याचा फोटो काढू बघते, तो नको म्हणतो. तिला वाटतं, फोटोत आत्मा अडकेल अशी याची समजूत असणार. तो म्हणतो, लेन्सवरचं झाकण काढा आधी. अख्ख्या सिनेमात मला हाच विनोद खरा वाटतो.

तरी वाटाड्या आणि माग काढणारा यापलीकडे त्याला फारसं कुणी नेलं नाही. रॉल्फ डी हीअरच्या 'द ट्रॅकर'मध्ये (२००२) तो पुन्हा माग काढणाराच होता, पण या वेळी सिनेमा त्याचा होता. २००४मध्ये अ‍ॅडलेडच्या रंगमंचावर तो एकटा उभा राहिला आणि आपलं आयुष्य स्वतः सांगू लागला. 'टेन कॅनूज'ची (२००६) ठिणगीही त्याचीच. मानववंशशास्त्रज्ञ डोनाल्ड थॉमसनने १९३०च्या दशकात आर्नेम लँडच्या दलदलीतल्या होड्यांचा एक फोटो काढला होता. तो गुल्पिलिलने डी हीअरपुढे ठेवला. सिनेमातली पात्रं तिथल्याच भाषांत बोलतात. निवेदक गुल्पिलिल. आटपाट नगराच्या थाटात तो सुरुवात करतो आणि लगेच हसत सुटतो : छे, आमची गोष्ट अशी नसते.

त्याला संत करायचं कारण नाही. दारूने त्याचं आयुष्य पोखरलं. २०११मध्ये पत्नीला मारहाण केल्याबद्दल तो तुरुंगात गेला. तिथे भेटायला येणाऱ्या डी हीअरबरोबर बोलताबोलता 'चार्लीज कंट्री' आकाराला आला. पटकथेवर दोघांचं नाव आहे. त्यातला चार्ली सिडनी ऑपेरा हाउसच्या उद्घाटनाला राणीसमोर नाचल्याची आठवण जपून असतो आणि गावातल्या पोलिसांच्या नियमांनी गांजून रानाची वाट धरतो. २०१४मध्ये कान महोत्सवाच्या 'अं सर्तां रगार' विभागात गुल्पिलिल सर्वोत्कृष्ट अभिनेता ठरला.

'माय नेम इज गुल्पिलिल' (२०२१) या माहितीपटात तो फुप्फुसाच्या कर्करोगाबद्दल थेट कॅमेऱ्याशी बोलतो. या वेळी निर्मात्यांमध्ये त्याचंही नाव होतं. त्याच वर्षी नोव्हेंबरात तो गेला.