केशवराव धायबर

केशवराव धायबर हे मराठी व हिंदी चित्रपटसृष्टीतील छायालेखक व चित्रपट दिग्दर्शक होते. कोल्हापूर येथे स्थापन झालेल्या प्रभात फिल्म कंपनीच्या पाच संस्थापक भागीदारांपैकी ते एक होत. प्रभातच्या सुरुवातीच्या बहुतेक महत्त्वाच्या बोलपटांचे छायालेखन त्यांनी केले. तथापि या चित्रपटांचे श्रेय प्रामुख्याने दिग्दर्शक व्ही. शांताराम यांच्या नावे नोंदले गेल्याने धायबरांचे कार्य तुलनेने दुर्लक्षित राहिले.

महाराष्ट्र फिल्म कंपनी

धायबरांची जडणघडण बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत झाली. दामले, फत्तेलाल व शांताराम हेही त्याच संस्थेत तयार झाले. त्या काळी कामांची काटेकोर विभागणी नसे; नेपथ्य, छायालेखन, रसायनशाळेतील काम आणि प्रसंगी अभिनय हे सर्व एकाच व्यक्तीला शिकावे लागे. याच संस्थेच्या 'नेताजी पालकर' (1927) या मूकपटाचे दिग्दर्शन शांताराम व धायबर यांनी संयुक्तपणे केले.

प्रभातमधील कार्य

1 जून 1929 रोजी शांताराम, विष्णुपंत दामले, शेख फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांनी प्रभातची स्थापना केली. मूकपटांच्या काळात 'खुनी खंजर' (1930) व 'रानीसाहेबा' (1930) या चित्रपटांच्या दिग्दर्शनात धायबरांचा सहभाग होता.

'अयोध्येचा राजा' (1932) या चित्रपटाला सामान्यतः पहिला मराठी बोलपट मानले जाते. त्याचे छायालेखन धायबरांनी केले. मूकपटाकडून बोलपटाकडे जाताना सर्वाधिक अडचण छायालेखकापुढे उभी राहिली. मूकपटाचा कॅमेरा हाताने फिरवला जाई आणि त्याचा वेग प्रसंगानुसार कमीअधिक करता येई. बोलपटात ध्वनीशी मेळ राखण्यासाठी वेग स्थिर ठेवणे भाग पडले. कॅमेऱ्याचा आवाज ध्वनिमुद्रणात येऊ नये म्हणून तो बंदिस्त करावा लागे व त्यामुळे त्याची हालचाल मंदावे. त्यातच हा चित्रपट मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत तयार झाला. संवाद बदलत, पण प्रकाशयोजना व पात्रांच्या जागा त्याच ठेवाव्या लागत. 'अग्निकंकण' (1932), 'मायामच्छिंद्र' (1932) व 'सिंहगड' (1933) या पुढील बोलपटांचे छायालेखनही त्यांचेच आहे. त्यांपैकी 'मायामच्छिंद्र' चमत्कारदृश्यांसाठी विशेष गाजला.

'सैरंध्री' (1933) हा प्रभातचा रंगीत चित्रपटाचा प्रयोग होता. बाबूराव पेंटर यांनी याच कथानकावर 1920 साली मूकपट काढला होता. रंगीत आवृत्तीसाठी लागणारी प्रक्रिया भारतात उपलब्ध नसल्याने ते काम जर्मनीत करवून घेण्यात आले. पडद्यावर रंग अपेक्षेप्रमाणे उतरले नाहीत आणि कंपनी पुन्हा कृष्णधवल चित्रपटांकडे वळली. भारतात प्रक्रिया झालेला पहिला रंगीत चित्रपट म्हणून अर्देशीर इराणी यांच्या 'किसान कन्या'चा (1937) उल्लेख केला जातो; 'सैरंध्री'चा प्रयत्न त्याच्या चार वर्षे आधीचा आहे.

प्रभात पुण्यास आल्यानंतरचा 'अमृतमंथन' (1934) हा धायबरांच्या छायालेखनाचा सर्वांत परिचित नमुना होय. राजगुरूच्या भूमिकेतील चंद्रमोहन यांचा एकच डोळा संपूर्ण पडदा व्यापतो, हे त्यातील दृश्य टेलिफोटो भिंगाने घेतले आहे. अशा भिंगाने कॅमेरा नटापासून दूर ठेवूनही सूक्ष्म तपशील टिपता येतो. मात्र केंद्रीकरणाची कक्षा अतिशय कमी असल्याने किंचित हालचालीनेही चित्र धूसर होते. भारतीय चित्रपटाच्या इतिहासात या दृश्याचा उल्लेख बहुधा दिग्दर्शकीय कल्पना म्हणून येतो. कल्पना शांतारामांची होती हे खरे. परंतु ती पडद्यावर उतरवण्याची जबाबदारी छायालेखकाची होती.

दिग्दर्शन व प्रभातमधून निर्गमन

'राजपूत रमणी' (1936) या हिंदी चित्रपटाचे दिग्दर्शन धायबरांनी स्वतंत्रपणे केले. नलिनी तर्खड यांची त्यात प्रमुख भूमिका होती. त्याच वर्षी शांतारामांचा 'अमरज्योती' आणि दामले-फत्तेलाल यांचा 'संत तुकाराम' हे चित्रपट आले. 'संत तुकाराम'ला मिळालेल्या अभूतपूर्व यशापुढे 'राजपूत रमणी' झाकोळला गेला.

कंपनीतील अभिनेत्रींशी भागीदारांनी वैयक्तिक संबंध ठेवू नयेत, असा प्रभातमध्ये दंडक होता. नलिनी तर्खड यांच्याशी विवाह केल्यानंतर धायबर कंपनीतून बाहेर पडले. पुढे शांतारामांनीही अभिनेत्री जयश्री यांच्याशी विवाह केला व 1942 साली प्रभात सोडून राजकमल कलामंदिर ही संस्था काढली. शांतारामांचे निर्गमन चित्रपटविषयक लेखनात सविस्तर चर्चिले गेले आहे. धायबरांचे सहसा एखाद्या वाक्यात आटोपते.

प्रभात सोडल्यानंतर धायबरांनी 'नंदकुमार' (1938) हा कृष्णकथेवरील चित्रपट दिग्दर्शित केला. प्रभातमध्ये छायालेखनाची धुरा त्यानंतर व्ही. अवधूत यांच्याकडे गेली; 'कुंकू' (1937) व 'माणूस' (1939) या चित्रपटांचे छायालेखन अवधूतांचे आहे. प्रभातच्या पुण्यातील स्टुडिओच्या जागेवर 1960 पासून भारतीय चित्रपट व दूरचित्रवाणी संस्था असून तेथे छायालेखन हा विषय स्वतंत्र अभ्यासक्रम म्हणून शिकवला जातो.