चांदोबापासून गोट्यापर्यंत

अमरावती जिल्ह्यातलं धामणगाव हा कापसाचा मुलूख. १९३२ साली तिथे जन्मलेला दत्तात्रय मायाळू वर्ध्याला शिकला, पुण्यात वर्तमानपत्रात रमला आणि तिथून पोचला थेट मद्रासला, ‘चांदोबा’ मासिकात. विक्रमाच्या खांद्यावर वेताळ बसवणारा आपला चांदोबा! त्याचे मालक नागी रेड्डी, आणि भलामोठा वाहिनी स्टुडिओही त्यांचाच. मुलांच्या गोष्टी आणि सिनेमा एकाच घरात नांदत होते. मद्रासलाच दिग्दर्शक राजा परांजपे भेटले. शिष्याने गुरूचं नाव आपल्या नावाआधी जोडलं आणि दत्ताचा राजदत्त झाला.

१९६७ सालचा ‘मधुचंद्र’ हा त्यांचा पहिला स्वतंत्र चित्रपट. पण मला सारखा खुणावतो तो १९७७ चा ‘देवकीनंदन गोपाला’, कारण त्यात वऱ्हाडचा माणूस वऱ्हाडच्याच गाडगेबाबांची गोष्ट सांगतो. बाबा झाले डॉ. श्रीराम लागू.

गाडगेबाबांचं कीर्तन म्हणजे सवाल-जवाब. बाबांनी विचारायचं, लोकांनी एका आवाजात उत्तर द्यायचं. असा प्रसंग पडद्यावर कसा येतो, हे कळलं तेव्हा मी थक्क झालो. कॅमेरा बहुधा एकच असतो. आधी बोलणाऱ्याचे सगळे सवाल चित्रित होतात. मग कॅमेरा उलटा फिरतो, दिवे हलतात, आणि तासाभराने, कधी दुसऱ्या दिवशी, ऐकणाऱ्यांचे जवाब घेतले जातात. त्या वेळी समोर बोलणारा असेलच असं नाही. रिकाम्या जागेकडे बघून माणसं हसतात, रडतात. बोलणारा डावीकडून उजवीकडे बघत असेल तर ऐकणाऱ्यांनी उजवीकडून डावीकडे बघायचं. दोघांमधली न दिसणारी रेघ कॅमेऱ्याने ओलांडली, की दोघंही एकाच दिशेला तोंड करून बोलतायत असं वाटतं आणि संवाद तुटतो. ती रेघ कुठे आखलेली नसते. ती दिग्दर्शकाच्या डोक्यात असते!

पुढे ‘शापित’, ‘पुढचं पाऊल’, ‘सर्जा’ यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, २०२४ मध्ये पद्मभूषण जाहीर झालं. तरी माझ्या पिढीला राजदत्त म्हटलं की आठवतो दूरदर्शनवरच्या मालिकेतला ‘गोट्या’. ना. धों. ताम्हनकरांच्या पुस्तकातला अनाथ मुलगा, जॉय घाणेकरचा चेहरा, मधुकर आरकडेंचं शीर्षकगीत, अशोक पत्कींची चाल.

सिनेमाच्या पडद्यावर हजारोंची गर्दी मावते. आमच्या टीव्हीच्या काचेत तीच गर्दी मुंग्यांएवढी झाली असती. म्हणून छोट्या पडद्याची भिस्त चेहऱ्यावर. गोट्या नुसता मान खाली घालून पायाच्या अंगठ्याकडे बघायचा, आणि त्याला कोणी नाही हे घरात सगळ्यांना कळायचं. ‘चांदोबा’त पानभर गोष्टीला एक चित्र असायचं आणि ते एकटं चित्र सगळी गोष्ट पेलायचं. राजदत्तांची नजर मला तिथलीच वाटते.