पेरणाऱ्याचा दाखला आणि गावातला उपदेश



पेरलेले बी वाया कसे जाते, हे तुम्हाला कोणी सांगायला नको. थोडे पायवाटेवर सांडते, ते पाखरे टिपतात. थोडे मुरमाड जागी पडते. ते झटकन उगवते, पण मुळाला खोली नसल्यामुळे चार उन्हांत करपते. थोडे तणात अडकते आणि गुदमरते. उरलेले चांगल्या जमिनीत पडते आणि तेच खळ्यावर येते.

ही गोष्ट येशू ख्रिस्ताने सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी गालील प्रांतातल्या सरोवराकाठी जमलेल्या लोकांना सांगितली. ख्रिस्ती मंडळी तिला 'पेरणाऱ्याचा दाखला' म्हणतात. चांगल्या जमिनीत कुठे तीस पट, कुठे साठ पट, तर कुठे शंभर पट पीक आले, असे त्यात आहे. आपल्या हिशेबात मांडून पाहा. एकरी ४० किलो गहू पेरला, तर तीस पट म्हणजे १२ क्विंटल झाले. बागायती गव्हाला हा उतारा चांगलाच म्हणायचा. शंभर पट म्हणजे ४० क्विंटल! ऐकणारा शेतकरी तिथे नक्कीच कान टवकारून बसला असेल.

तुम्ही म्हणाल, शेतीखात्याचा माणूस आज धर्मोपदेशावर का लिहितो आहे? कारण सरळ आहे. गावात जाऊन चार गोष्टी सांगणे आणि त्या लोकांच्या गळी उतरवणे हे काम आमचेही आहे आणि धर्मोपदेशकाचेही. दुसरे कारण अधिक महत्त्वाचे आहे. अलीकडे कोण्या घरी ख्रिस्ती प्रार्थनेची बैठक भरली की काही गावांत कुजबुज सुरू होते. एकजण म्हणतो, 'आमिष दाखवतात.' दुसरा म्हणतो, 'आम्ही फक्त प्रार्थना करतो.' पिढ्यान्‌पिढ्या एका विहिरीवर पाणी भरलेली घरे एकमेकांकडे पाठ फिरवतात. अशा वेळी ऐकीव गोष्टींवर भांडण्यापेक्षा, ख्रिस्ती उपदेशाचे कोणते बी आपल्या मातीत रुजले आणि कोणते करपले, हे शांतपणे पाहिलेले बरे.

आधी भाषा

पहिली गोष्ट भाषेची. थॉमस स्टीफन्स हा इंग्रज धर्मगुरू १५७९ साली गोव्यात आला. तो इथली भाषा शिकला आणि ख्रिस्ताचे चरित्र त्याने आपल्या पुराणांच्या धर्तीवर ओवीबद्ध लिहिले. ते 'ख्रिस्तपुराण' १६१६ साली छापले गेले. दहा हजारांहून अधिक ओव्यांचा हा ग्रंथ मराठीच्या अभ्यासकांना आजही मोलाचा वाटतो. पण त्याच गोव्यात पोर्तुगीज सत्तेने देवळे पाडली आणि १५६० साली इन्क्विझिशन नावाचे धर्मन्यायालय आणले. एका हातात ओवी आणि दुसऱ्या हातात सत्तेचा धाक, अशी ती गत होती. आज ओवीचा गौरव होतो. धाकाची आठवण मात्र लोकांच्या मनात जखमेसारखी राहिली.

पुढे नगरला रेव्हरंड नारायण वामन टिळक यांनी हाच भाषेचा धागा उचलला, आणि त्यांच्या हाती सत्ता नव्हती. १८९५ साली त्यांनी बाप्तिस्मा घेतला. परदेशी चालीवरची गाणी आपल्या लोकांच्या काळजाला भिडत नाहीत, हे त्यांनी ओळखले. त्यांनी अभंग रचले आणि टाळ-मृदंगावर कीर्तने केली. तुकोबांच्या वाटेनेच आपण ख्रिस्तापर्यंत पोचलो, असे ते सांगत.

कॅथलिक मंडळींत हा बदल पुढे आला. त्यांची मिस्सा, म्हणजे मुख्य उपासना, शतकानुशतके लॅटिनमध्ये चाले. १९६२ ते १९६५ या काळात रोमला दुसरी व्हॅटिकन परिषद भरली आणि त्यानंतर लोकभाषेतली उपासना सुरू झाली. समोर बसलेल्या शेतकऱ्याला वेदीवरचे शब्द पहिल्यांदा आपल्या बोलीत कळू लागले. आज श्रीरामपूर तालुक्यातल्या हरेगावी सप्टेंबरात मतमाउलीची यात्रा भरते, तेव्हा लोक पायी चालत येतात आणि नवस फेडतात. मुंबई-वसईकडची ख्रिस्ती शेतकरी घरे ऑक्टोबरात 'आगेरा' साजरा करतात आणि भाताची नवी कणसे देवापुढे ठेवतात. आपल्या घरी नव्याची पूजा होते, तोच हा भाव. धर्म बदलला तरी माती बदलत नाही.

घरातला उपदेश

टिळकांच्या घरची हकीकत आपल्या माता-भगिनींनी जरूर वाचावी. लक्ष्मीबाई टिळकांनी ती 'स्मृतिचित्रे' या आत्मचरित्रात लिहिली आहे. नवऱ्याने धर्म बदलला तेव्हा लक्ष्मीबाईंवर आभाळ कोसळले. काही वर्षे त्या वेगळ्या राहिल्या. पुढे एकत्र आल्या तरी सोवळे-ओवळे चालूच होते. टिळकांसारखा वक्ता घरात असताना त्यांच्या एखाद्या व्याख्यानाने बाईंचे मत फिरले असेल, असे तुम्हाला वाटेल. तसे झाले नाही. माणसामाणसांत उच्चनीच देवाने केले की माणसाने, हा प्रश्न त्यांनी स्वतःच्या मनाशी घातला. त्याचे उत्तर सापडले तशी शिवाशीव गळून पडली. १९०० साली त्यांनी स्वतः होऊन बाप्तिस्मा घेतला.

यातला धडा धर्मापुरता नाही. घरातल्या माणसाचे मनही सक्तीने वळत नाही, मग गावाचे कसे वळेल? आणि घराची ताटातूट करून मिळवलेला एक श्रोता काय कामाचा?

मग हात मातीत

दुसरी गोष्ट कामाची. सॅम हिगिनबॉटम हे १९०३ साली मिशनरी म्हणून भारतात आले आणि अलाहाबादच्या (आजच्या प्रयागराजच्या) ख्रिस्ती कॉलेजात अर्थशास्त्र शिकवू लागले. आसपासच्या खेड्यांतली उपासमार पाहिल्यावर त्यांना कळले, की उपाशी माणसाला नुसते प्रवचन देणे हा अन्याय आहे. मग वयाच्या पस्तिशीत ते अमेरिकेला परत गेले आणि शेतीशास्त्र शिकून आले. यमुनेच्या काठी नैनी येथे ओघळींनी खाल्लेल्या जमिनीवर त्यांनी शेती संस्था उभारली. तिची स्थापना १९१० ची. तिथेच मेसन वॉ या अभियंत्याने आपल्या बैलांना ओढता येतील असे हलके लोखंडी नांगर तयार केले. त्यांची नावे होती 'वाह वाह' आणि 'शाबाश'! शेती अभियांत्रिकीचा पदवी अभ्यासक्रमही १९४२ मध्ये तिथे सुरू झाला. ती संस्था आज विद्यापीठ आहे आणि हिगिनबॉटम यांचेच नाव तिला आहे.

आता आपल्या नगर जिल्ह्याकडे या. (२०२४ पासून त्याचे नाव अहिल्यानगर आहे.) फादर हर्मन बाखर हे स्वित्झर्लंडचे जेझुइट धर्मगुरू १९४८ साली भारतात आले. नगरच्या पर्जन्यछायेतल्या तालुक्यांत त्यांनी आयुष्य घालवले. पाऊस थोडा, तोही धो धो पडून माती घेऊन जाणारा. विहीर कितीही खोल नेली तरी वरचे पाणी मुरल्याशिवाय तिला झरा फुटणार कुठून? म्हणून माथा ते पायथा काम करायचे. आधी डोंगरावर सलग समतल चर, मग शेताची बांधबंदिस्ती, आणि शेवटी ओढ्यावर बांध. बाखर यांच्या पुढाकाराने नाबार्ड आणि जर्मन मदतीतून इंडो-जर्मन पाणलोट कार्यक्रम उभा राहिला. १९९३ साली त्यांनी क्रिस्पिनो लोबो यांच्यासह 'वॉटर' ही संस्था सुरू केली. संगमनेर तालुक्यातले दरेवाडी हे टंचाईचे गाव या कामामुळे दूरवर माहीत झाले.

इथे एक गोष्ट नीट लक्षात घ्या. या कार्यक्रमालाही अटी होत्या. पण त्या कोणत्या? गावाने श्रमदान करावे, कुऱ्हाडबंदी पाळावी, चराईबंदी पाळावी, आणि सारा निर्णय गावच्या समितीने मिळून घ्यावा. चराईबंदी सोपी नव्हती. ज्याच्याजवळ जमीन नाही, फक्त शेळ्या-मेंढ्या आहेत, त्याच्या पोटावर ती आधी येते. त्याचा विचार झाला नाही तर गाव फुटते. अशा वेळी माणसांना एकत्र बसवणे हेच खरे पाळकाचे काम. माथ्यावर मुरलेले पाणी मात्र कुणाचा धर्म विचारून खालच्या विहिरीत उतरत नाही. बाखर २०२१ साली निवर्तले.

लोकांच्या बाजूने उभे राहणे

तिसरी गोष्ट वसईची. केळी, पानवेल, फुले, भाजीपाला यांचा तो हिरवा पट्टा. १९८० नंतरच्या दशकात बांधकामांची लाट तिकडे वळली. टँकरवाले विहिरींतून बेसुमार पाणी उपसू लागले. समुद्राकाठच्या जमिनीत गोडे पाणी जास्त उपसले की खारे पाणी आत सरकते, हे तुमच्यातल्या कोकणच्या शेतकऱ्यांना ठाऊक आहे. अशा वेळी फादर फ्रान्सिस दिब्रिटो हे धर्मगुरू १९८८ मध्ये सुरू झालेल्या हरित वसई संरक्षण समितीचे नेतृत्व करीत लोकांबरोबर रस्त्यावर उतरले. त्या लढ्यात सर्व धर्मांचे शेतकरी होते. सगळा हिरवा पट्टा वाचला असे नाही; इमारती आल्याच. पण धर्मगुरूने केवळ स्वर्गाचे बोलावे आणि विहिरीचे बोलू नये, ही समजूत तिथे मोडली.

हेच दिब्रिटो 'सुवार्ता' मासिकाचे संपादक होते. त्यांनी सोप्या मराठीत 'सुबोध बायबल' सिद्ध केले. जानेवारी २०२० मध्ये उस्मानाबादला, म्हणजे आजच्या धाराशिवला, भरलेल्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष झाले. २०२४ साली त्यांचे निधन झाले, तेव्हा त्यांना आपला माणूस मानणाऱ्यांत ख्रिस्ती नसलेलेही पुष्कळ होते.

मदतीला धर्माची अट नको

आता मूळ मुद्द्याकडे येऊ. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या दुष्काळांत मिशनऱ्यांनी भुकेल्यांना अन्न दिले, पोरक्या मुलांना सांभाळले, गावकुसाबाहेरच्या लेकरांना शाळेत बसवले. त्या शाळांचे ऋण कोणी नाकारू नये. ज्यांना गावाने पाणवठ्यावर येऊ दिले नाही, त्यांनी जिथे माणूस म्हणून हाक मिळाली तिकडे पाऊल टाकले, तर दोष कुणाला द्यायचा हेही आपण स्वतःला विचारले पाहिजे. पण धान्याच्या पोत्यामागे धर्माची अपेक्षा असेल, तर घेणाऱ्याचा मान जातो आणि देणाऱ्याच्या शब्दाला किंमत राहत नाही. मुरमावरच्या बीसारखी ती श्रद्धा झटकन उगवते आणि धान्य संपताच करपते.

कायदा काय म्हणतो, हेही माहीत असावे. घटनेच्या २५ व्या कलमाने प्रत्येकाला आपला धर्म मानण्याचे, आचरण्याचे आणि त्याचा प्रसार करण्याचे स्वातंत्र्य दिले आहे. त्याला सार्वजनिक सुव्यवस्था, नीतिमत्ता आणि आरोग्य यांची मर्यादा आहे. १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की आपल्या धर्माची तत्त्वे सांगणे हा हक्क आहे, दुसऱ्याचे धर्मांतर घडवणे हा हक्क नाही. म्हणजे शेजाऱ्याच्या घरातली प्रार्थना उधळून लावणे जसे गैर, तसेच बळजबरी, फसवणूक किंवा आमिष हेही गैर.

बियाण्याची पिशवी घेताना आपण लेबल पाहतो, उगवणशक्ती तपासतो. गावात उपदेश करायला कोणीही आला, कोणत्याही धर्माचा असो, तरी पुढील गोष्टी तपासून घ्या.

१. तो तुमच्या भाषेत, तुमच्या जगण्यातले बोलतो का? की पाठ केलेले म्हणून निघून जातो?

२. मदत करताना तुमचा धर्म विचारतो का? विचारत असेल तर नम्रपणे हात जोडा.

३. घरातल्यांपासून लपवून ये, असे सांगतो का? खऱ्या गोष्टीला अंधार लागत नाही.

४. औषध बंद करा म्हणतो का? प्रार्थनेने मनाला धीर येतो, ते चांगलेच आहे. पण क्षयाच्या गोळ्या डॉक्टरांनी सांगितलेल्या मुदतीपर्यंत घ्यायच्याच. साप चावला तर आधी दवाखाना.

५. पैशाचा हिशेब उघडा ठेवतो का?

६. पाऊस पडला नाही, त्या वर्षीही तो गावात दिसतो का?

तरुण पाळकांनाही माझे एक सांगणे आहे. आम्ही शेतीखात्यात प्रात्यक्षिक प्लॉट घेतो. दहा व्याख्यानांनी पटत नाही ते बांधावर उभे राहून पाहिल्यावर पटते. तुमचे प्रात्यक्षिक म्हणजे तुमचे वागणे. गावात गेल्यावर आधी चावडीवर बसा, सरपंचांना आणि शेजारच्या देवळातल्या मंडळींना भेटा. त्यांच्या दैवतांबद्दल वावगा शब्द काढू नका. गावाच्या अडचणीला खांदा द्या आणि त्याचे मोल मागू नका. कोणी ऐकले नाही तर रागावू नका. पेरणाऱ्याच्या दाखल्यातही सगळे बी उगवले नाही.

आणि वाचकहो, तुमच्या गावात ख्रिस्ती शेतकऱ्याचे एखादे घर असेल, तर यंदा नाताळला त्यांच्या घरी जरूर जा. दिवाळीचा फराळ आपण त्यांना देतोच, त्यांच्याकडचाही चाखा. आणि बसल्या बसल्या माथ्यावरच्या चरांचा विषय काढा. पुढच्या पावसाळ्याआधी ते काम दोन्ही घरांना मिळूनच करायचे आहे.