विसाला न पोचलेले सहा

'चाखेसांग' हे एका नागा जमातीचं नाव. ऐकलं की वाटतं, डोंगराइतकंच जुनं असणार. प्रत्यक्षात ते १९४६ सालचं आहे. चोक्री, खेझा आणि सांगतम या तीन समूहांनी एकत्र नांदायचं ठरवलं, प्रत्येकाच्या नावाचा आरंभ उचलला आणि नव्या जमातीचं बारसं केलं. तोवर सरकारी दफ्तरात त्यांची नोंद 'पूर्वेकडचे आंगामी' अशी होती, म्हणजे शेजाऱ्याच्या नावावर. 'झेलियांगरोंग' हेही असंच झेमे, लियांगमाई आणि रोंगमेई यांना जोडून झालेलं नाव. पुढे चाखेसांगमधल्या 'सांग'पैकी बरीच मंडळी 'पोचुरी' म्हणून वेगळी झाली, आणि 'पोचुरी'सुद्धा सापो, केचुरी, खुरी अशी तीन नावं सांधून तयार झालेला शब्द. दर डिसेंबरात जिथे हॉर्नबिल महोत्सव भरतो ते किसामादेखील किग्वेमा आणि फेसामा या दोन शेजारगावांच्या नावांतून जन्मलं.

मला ही नावं आवडतात, कारण त्यांची शिवण दिसते. जुन्या नावांची शिवण काळाने पुसलेली असते. इथे कोण कुणाशी, केव्हा आणि कशासाठी जोडलं गेलं, ते नावातच वाचता येतं.

खुद्द 'नागा' या शब्दाची गोष्ट जरा वेगळी आहे. (आपल्याकडे नागा म्हटलं की आधी कुंभमेळ्यातले साधू आठवतात. त्यांचा या लोकांशी काडीचा संबंध नाही.) हा शब्द बाहेरून आला. आसामच्या मैदानातले लोक डोंगरातल्यांना त्या नावाने हाक मारत, ब्रिटिशांनी ते कागदावर चढवलं. त्याच्या व्युत्पत्तीवर पंडितांचे वाद आहेत, त्यात शिरायला नको. डोंगरावरचा माणूस मात्र स्वतःला आधी आपल्या गावाचा, मग कुळाचा म्हणवून घेई. लोथा स्वतःला 'क्योंग' म्हणतात. ज्यांना जुन्या पुस्तकांत 'सेमा' लिहिलंय, ते 'सुमी'. १० जानेवारी १९२९ रोजी नागा क्लबच्या वीस जणांनी सह्या करून सायमन कमिशनला एक निवेदन दिलं. आम्हाला येऊ घातलेल्या सुधारणांतून वगळा आणि पुढे वाऱ्यावर सोडू नका, असा त्याचा आशय. पण त्यातली एक कबुली वाचून मी थबकलो: आमचे आठाहून अधिक विभाग आहेत, त्यांच्या भाषा एकमेकांना कळत नाहीत, आमच्यात एकी नाही. एकत्रितपणे मांडलेल्या बहुधा पहिल्याच राजकीय मागणीत कुणी आपल्यातली फूट इतक्या सरळपणे सांगितल्याचं उदाहरण मला दुसरं ठाऊक नाही.

हा मुलूख किती मोठा? नागालँड राज्याचं क्षेत्रफळ १६,५७९ चौरस किलोमीटर, म्हणजे आपल्या अहिल्यानगर जिल्ह्याहूनही थोडं कमी. २०११च्या जनगणनेत लोकसंख्या वीस लाखांच्या जरा आत. एवढ्याशा जागेत डझनावारी भाषा. पण नागा लोक त्या राज्यात मावत नाहीत. मणिपूरच्या डोंगरात तांगखुल, माओ, पोउमाई, मराम आहेत. अरुणाचलात वांचो, नोक्ते, तांगसा. म्यानमारच्या सागाइंग प्रांतात लाहे, लेशी, नान्युन हे नागांचे स्वयंशासित तालुके. मोन जिल्ह्यातल्या लोंगवा गावात कोन्याकांच्या आंघाचं, म्हणजे वंशपरंपरागत प्रमुखाचं, घर थेट आंतरराष्ट्रीय सीमारेषेवर उभं आहे. अर्धं भारतात, अर्धं म्यानमारात.

भाषाशास्त्रज्ञांनी इथे हात घातला तेव्हा त्यांची पंचाईत झाली. ग्रिअर्सनच्या भारतीय भाषा सर्वेक्षणाच्या तिसऱ्या खंडात या भाषांना 'नागा गट' असं घर दिलं गेलं. तिबेटो-बर्मी कुळातल्या या भाषा, एवढं कुणालाच नाकारता येत नव्हतं. पण पुढचा अभ्यास जसजसा बारीक होत गेला, तसतशा त्या घराच्या भिंती हलू लागल्या. १९८३ मध्ये रॉबिन्स बर्लिंग यांनी दाखवलं की उत्तरेकडच्या कोन्याक, फोम, चांग, वांचो, नोक्ते या भाषांचं जवळचं नातं गारो, बोडो आणि काचिनांच्या जिंगफो भाषेशी आहे. या साऱ्यांत सूर्यासाठी एकाच मुळातून आलेला शब्द सापडतो. गारोत तो 'सल', म्हणून बर्लिंगनी अख्ख्या शाखेलाच 'साल' नाव दिलं. याचा अर्थ असा, की मोनमधल्या कोन्याकाची भाषा मेघालयातल्या गारोची चुलत बहीण, आणि नागालँडमधल्याच कोहिमाच्या आंगामीची लांबची कुणीतरी. दक्षिणेला तर याहून गंमत आहे. मणिपूरमधल्या अनाल, मोयोन, मोनसांग यांच्या भाषा कुकी-चिन भाषांच्या जवळच्या, पण हे लोक स्वतःला नागा मानतात. कुकी आणि नागा यांच्यातलं वैर ठाऊक असलेल्याला याचं महत्त्व वेगळं सांगायला नको.

म्हणजे भाषेच्या अंगाने पाहिलं तर 'नागा' असं एक कुटुंब नाहीच. ते लोकांनी मिळून घातलेलं छप्पर आहे.

भाषा इतक्या का? सगळे उत्तर देतात, डोंगर. आपण 'दर बारा कोसांवर भाषा बदलते' म्हणतो; इथे पुढचं शिखर पुरतं. गावं डोंगरमाथ्यावर, तटबंदीच्या आत. पोटापुरतं आपलं आपण पिकवायचं, लग्नं बहुधा गावातल्याच दुसऱ्या कुळात करायची, शेजारच्या गावाशी मुंडकी उतरवण्याचं वैर. बोलण्याच्या ढंगावरून आपला-परका ओळखण्यात जीव वाचत असेल तर ढंग जपला जाणारच. तांगखुलांच्या गावागावांत बोली इतक्या फाकलेल्या, की शेजारची दोन गावं एकमेकांचं बोलणं सहज समजू शकत नाहीत.

पण डोंगराचं उत्तर मला पुरेसं वाटत नाही. त्याला आओंच्या गावांनी छेद दिलाय. आओ भाषेच्या चुंगली आणि मोंगसेन या दोन मुख्य बोली. जे. पी. मिल्स यांचं आओंवरचं पुस्तक १९२६ सालचं, त्यातच नोंद आहे की काही गावांत एका वाडीत चुंगली बोलतात आणि दुसऱ्या वाडीत मोंगसेन. मध्ये ना दरी, ना नदी. रोज एकमेकांच्या अंगणातून जायचं आणि आपली बोली आपल्यापाशी ठेवायची. वेगळेपण इथे डोंगराने लादलेलं नाही, माणसांनी राखलेलं आहे.

त्यातली कोणती बोली छापायची हे मात्र योगायोगाने ठरलं. १८७२ मध्ये अमेरिकन बाप्टिस्ट मिशनरी एडवर्ड क्लार्क आसामातून डोंगर चढून मोलुंगकिमोंग गावी पोचला. गाव चुंगली बोलणारं होतं. त्याने ती बोली शिकली, तिला रोमन अक्षरं दिली, शाळा काढली, बायबलचे भाग उतरवले, १९११ मध्ये शब्दकोश छापला. चुंगली 'आओ' झाली आणि मोंगसेन घरात राहिली. मणिपुरात १८९६ मध्ये उख्रूलला गेलेल्या विल्यम पेटिग्रूमुळे उख्रूलच्या बोलीचं तेच भाग्य फळफळलं. आपण हसायचं कारण नाही. मोल्सवर्थ आणि कँडी या दोन साहेबांनी मराठीच्या कोशावर आणि लेखनावर जो हात फिरवला, त्याची रेघ अजून आपल्या पाठ्यपुस्तकांत आहे, आणि वऱ्हाडी माणसाने 'शुद्ध' कशाला म्हणतात हे पुण्याला विचारायचे दिवस फार लांबचे नाहीत.

आता ज्या गोष्टीपायी मी या भाषांच्या नादी लागलो, ती सांगतो. आओंच्या पुराणकथेत त्यांचे मूळ पुरुष आणि स्त्रिया सहा दगडांतून वर आल्या. त्या जागेचं नाव लोंगतेरोक: लोंग म्हणजे दगड, तेरोक म्हणजे सहा. या सहाला घेऊन जुने आओ सोळा कसे मोजत? आपण सोळाला दहा आणि सहा समजतो. ते म्हणत, 'विसाला न पोचलेले सहा'. सतरा म्हणजे विसाला न पोचलेले सात, एकोणीस म्हणजे विसाला न पोचलेले नऊ. मोजणाऱ्याची नजर मागच्या दहावर नाही, पुढच्या विसावर. आंगामीच्या गटातही ही रीत आहे, तिथे ती सतरापासून सुरू होते. अलेक्झांडर कूप या भाषाशास्त्रज्ञाने मोंगसेन आओचं सविस्तर व्याकरण लिहिलंय, शिवाय नागालँडच्या भाषांतल्या या मोजणीवर वेगळा शोधनिबंधही. शाळा आणि मिशन आल्यावर आओंमध्ये 'दहा आणि सहा' रुळलं. मुलांना गणित सोपं झालं असेल, नाही म्हणत नाही.

मराठी वाचकाला ही रीत विचित्र वाटेल असं मला आधी वाटलं होतं. मग लक्षात आलं, आपणही चोरच. एकोणीस म्हणजे एक उणा वीस. आपली नजरसुद्धा पुढच्या टप्प्यावरच असते. आणि 'अडीच' पाहा. त्याचं मूळ संस्कृत 'अर्धतृतीय'. तिसरा अर्धा, म्हणजे दोन पूर्ण झालेत आणि तिसरा निम्म्यावर आलाय. दोन हा आकडा त्या शब्दात कुठेच नाही, जसा आओंच्या जुन्या सोळात दहा नाही. बाजारात अडीच किलो कांदे घेताना आपण तिसऱ्या किलोकडे बघत असतो, हे मला नागा डोंगरांनी शिकवलं.

आकड्यांपेक्षा अवघड मामला आवाजांचा. आंगामी भाषेला आता बरेच जण तेन्यिदिये म्हणतात. 'दिये' म्हणजे बोली, तेन्यिमिया लोकांची ती तेन्यिदिये. तिच्यात सुरांच्या चार-पाच पातळ्या आहेत. एकच अक्षर वरच्या पट्टीत एक अर्थ देतं आणि खालच्या पट्टीत भलताच. मराठीत 'हो' आणि 'हो?' यांत फरक पडतो, पण शब्द तोच राहतो; तेन्यिदियेत शब्दच बदलतो. शिवाय 'म' आणि 'न' यांची कुजबुजलेली रूपं. आपल्या 'म्हातारा'मधल्या 'म्ह'पाशी कान नेला तर थोडी कल्पना येईल, फक्त त्यातला घोष काढून टाकायचा आणि नुसती हवा नाकातून सोडायची. रोमन लिपीत सूर सहसा लिहीतच नाहीत. वाचणाऱ्याला संदर्भावरून उमगतात. तरीही तेन्यिदियेने मोठी मजल मारली आहे. कोहिमाची उरा अकादमी तिच्या वाङ्मयासाठी काम करते आणि नागालँड विद्यापीठात तिचा स्वतंत्र विभाग आहे.

मग कोन्याक आणि आंगामी भेटले तर बोलतात काय? नागामीज. मीठ, लोखंड, कापूस, मिरची यांच्या देवाणघेवाणीत आसामीच्या पायावर उभी राहिलेली ही भाषा. 'आपुनी लागा नाम की आसे?' म्हणजे तुमचं नाव काय? 'मोई लागा घर', माझं घर. अनेकवचन करायचं तर मागे 'खान' लावायचं: 'मानू' म्हणजे माणूस, 'मानू खान' म्हणजे माणसं. मराठी माणसाला आठवडाभरात गुजराण करण्याइतकी येईल. म्हैसूरच्या भारतीय भाषा संस्थानाने १९८५ मध्ये श्रीधर यांचं तिचं प्रमाणित व्याकरण छापलं, आकाशवाणी कोहिमा तिच्यात बातम्या देते, दिमापूरकडच्या अनेक कचारी घरांत ती मातृभाषा आहे. तरी शिकलेला माणूस तिला बाजारी म्हणून नाक मुरडतो. मला हा अन्याय वाटतो. १९२९च्या निवेदनात जी अडचण लिहिली होती, ती प्रत्यक्षात याच 'बाजारी' भाषेने सोडवली, भाजीच्या टोपलीशेजारी बसून.

राज्याची राजभाषा मात्र १९६७ पासून इंग्रजी. एकालाही झुकतं माप नको, म्हणून परक्याला पाट दिला. तेम्सुला आओ, ईस्टरीन कीरे यांचं लेखन इंग्रजीत झालं ते याच वाटेने. आठव्या अनुसूचीत बोडो आणि मणिपुरी पोचल्या, नागांची एकही भाषा नाही. सीमेपलीकडच्या नागांत बर्मी शिरते, मणिपूरच्या नागांत मैतेई, अरुणाचलात हिंदी. लोंगवाच्या आंघाच्या घरातली दोन दालनं दोन वेगळ्या बाजारांकडे तोंड करून आहेत.

अनेक नागा जमातींत एक कथा सांगतात. फार पूर्वी आपल्यालाही लिपी होती, ती जनावराच्या कातड्यावर लिहिलेली होती. कातडं भिंतीला टांगलं होतं. कुत्र्याने ते ओढून खाल्लं. तेव्हापासून सगळं तोंडी, सगळं गाण्यात. आओंच्या अरिजूत आणि लोथांच्या चम्पोत, म्हणजे आपल्या गडचिरोलीतल्या गोटुलासारख्या तरुणांच्या घरात, पोरं वडीलधाऱ्यांकडून ऐकून पाठ करत. बाहेरच्यांनी या सगळ्या घरांना 'मोरुंग' असं एकच नाव देऊन टाकलं.

अरुणाचलच्या लाँगडिंग जिल्ह्यातले बानवांग लोसू हे शिक्षक. वांचो भाषा रोमन अक्षरांत लिहायला घेतली तर तिचे सूर आणि स्वर हाती लागेनात, असं त्यांच्या ध्यानात आलं. २००१ पासून त्यांनी एकेक आवाज वेगळा काढून त्याला स्वतःचं अक्षर द्यायला सुरुवात केली. काम चाललं अकरा-बारा वर्षं. २०१९ मध्ये ही वांचो लिपी युनिकोडमध्ये गेली. दोन वर्षांनी लाखुम मोसांग यांची तांगसा लिपीही. दरम्यान लोसू भाषाविज्ञान शिकायला पुण्यात आले, डेक्कन कॉलेजात. येरवड्याच्या त्या जुन्या दगडी इमारतीत बसून एक माणूस कुत्र्याने खाल्लेलं कातडं पुन्हा लिहीत होता, आणि बाहेर रस्त्यावर आपण 'चायनीज का?' म्हणून विचारत होतो.