छापलं कोणाचं?

ज्यांना रॉक म्हणजे नुसता धांगडधिंगा वाटतो, त्यांनी 'बिकमिंग लेड झेपेलिन' हा 2025 साली थिएटरात आलेला माहितीपट जरूर बघावा. दिग्दर्शक बर्नार्ड मॅकमेहन. यात गाणी तुकड्या-तुकड्यांनी नाही, तर बरीचशी पूर्ण ऐकवली आहेत. गोष्ट थांबते जानेवारी 1970 च्या लंडनमधल्या रॉयल अल्बर्ट हॉलच्या कार्यक्रमापाशी. 1980 मध्ये वारलेला ड्रमर जॉन बोनम जुन्या टेपमधून बोलायला लागतो, तेव्हा अंगावर काटाच येतो!

मला भावली ती त्यांची तयारी. गिटारवाला जिमी पेज आणि बेसवाला जॉन पॉल जोन्स आधी कित्येक वर्षं स्टुडिओत दुसऱ्यांच्या रेकॉर्डसाठी वाजवत होते. म्हणूनच 1968 मध्ये बँड जमला आणि पहिली रेकॉर्ड स्टुडिओच्या सुमारे 36 तासांत उरकली. खर्च पेजने स्वतः केला, त्यामुळे कंपनीची ढवळाढवळ नाही.

एका गोष्टीवर मात्र सिनेमा गप्प आहे. या संगीताचा पाया ब्लूज, म्हणजे अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांचं संगीत. पहिल्या रेकॉर्डवर विली डिक्सनची दोन गाणी त्याच्या नावानिशी आहेत. पण 1969 च्या 'होल लॉटा लव्ह'चे बरेच शब्द त्याच्याच गाण्यातले असूनही त्याचं नाव नव्हतं. 1985 मध्ये त्याने दावा लावला, 1987 मध्ये तडजोड झाली आणि पुढे नाव लागलं.

जर्नल आपण सगळेच छापतो. पण ज्याचं छापलं, त्याला निदान चहा तरी पाजतो की नाही?